घोडीच्या रिकाम्या जागेवर

तीर्थरूप दादाला धाकट्याचा अगदी वाकून नमस्कार. (वाकून हे मानापानासाठी लिहिलेलं नाही. परवा सिमेंटची गोणी उचलताना कंबर धरली ती अजून सोडायला तयार नाही, त्यामुळे सध्या मी येणाऱ्याजाणाऱ्या सगळ्यांनाच वाकून नमस्कार करतो.) वहिनींचे गुडघे कसे आहेत? तुझी साखर? पथ्य पाळतोस, की वहिनी शेजारी गेल्या की डबे उघडतोस? इकडे आम्ही बरे आहोत. सासरेबुवांच्या खुब्याचं हाड जुळत आलंय. काठी टेकत ते आता अंगणापर्यंत येतात आणि तिथे बसून माझ्या चुका मोठ्याने सांगतात. त्यांची तब्येत सुधारत असल्याचं डॉक्टरांच्या आधी मला कळतं.

तू चिडला असशील. चिडायचा तुला हक्कच आहे. माझं झेरॉक्सचं दुकान बुडालं तेव्हा तू पाठीशी होतास, मोबाइल दुरुस्तीचं बुडालं तेव्हाही तूच होतास, आणि आता बटाट्याच्या कोल्ड स्टोरेजमधली पावत्या फाडायची, पंख्याखाली बसून करायची नोकरी तूच शब्द टाकून मिळवलीस. मला फक्त एवढंच करायचं होतं की वर वस्तीवर जायचं, सासऱ्यांची तीन खेचरं व्यापाऱ्याला विकायची, घराला कुलूप लावायचं आणि हिला व सासऱ्यांना घेऊन खाली यायचं. यात न जमण्यासारखं काय आहे, असं तुला वाटेल. मलाही वाटलं होतं. पण खेचर विकायचं तर ते आधी गोठ्यातून बाहेर यावं लागतं.

खेचरांचं असं असतं (हे मला इथे लाथा खाऊन कळलं, तुला घरबसल्या कळतंय) की त्यांना पुढे एक घोडी लागते. घोडी चालली की चालायचं, ती थांबली की थांबायचं, स्वतःचं डोकं म्हणून वापरायचं नाही. सासऱ्यांची म्हातारी घोडी गळ्यात पितळेची भली मोठी घंटा घालून पुढे असायची आणि मागे ही तिघं. सासरे पायऱ्यांवरून घसरले त्याच सुमारास ती घोडी गेली. सासऱ्यांसाठी डॉक्टर आले, प्लास्टर आलं, शेजारपाजार आला. घोडीची जागा तेवढी रिकामी राहिली आणि खेचरांनी काम बंद ठेवलं. तिघांची ओळख करून देतो, म्हणजे पुढचं समजायला बरं. एक सावकार, तो पोट पुढे काढून चालतो आणि प्रत्येक दारात डोकावतो. दुसरा हवालदार, तो वाटेत आडवा उभा राहतो आणि मनात आल्याशिवाय कोणाला पुढे जाऊ देत नाही. तिसरी नवरी, ती मान खाली घालून असते आणि लाथ मात्र नेमकी मारते.

व्यापारी आला, त्याने दोरी ओढली, मी मागून ढकललं. अडला हरी गाढवाचे पाय धरी, ही म्हण करणाऱ्याला खेचर भेटलेलं नसणार. त्याचे पाय धरता येत नाहीत. मी नवरीचे धरून पाहिले आणि उरलेला दिवस गवताच्या गंजीवर पालथा पडून काढला. व्यापारी म्हणाला, चालतं ते जनावर, न चालणारी भिंत; मी भिंती घेत नाही. आणि तो निघून गेला.

इकडे वस्तीवर सगळ्यांच्या तोंडचं पाणी पळालं होतं, आणि हे मी शब्दशः सांगतोय. रस्ता खाली चहाच्या टपरीपाशी संपतो. तिथून वस्तीपर्यंत नुसता चढ आणि दगडी पायऱ्या. पाण्याचा झरा अर्ध्या उतारावर. पीठ असो, गॅसचा सिलिंडर असो, शाळेचे पत्रे असोत, वर यायचं ते खेचराच्या पाठीवरून येतं, आणि खाली जायचा तो वाटाणाही त्यांच्याच पाठीवरून जातो. खेचरं थांबली तशा बायका पुन्हा डोक्यावर हंडे घेऊन झऱ्याच्या वाटेला लागल्या. वाटाणा मळ्यात पिवळा पडायला लागला. कोणी मला काही बोललं नाही (मी जावई, शिवाय पाहुणा), पण दारावरून हंडा घेऊन जाणारी प्रत्येक बाई माझ्याकडे बघून जायची, आणि ते बघणं मला चांगलंच कळत होतं.

मग एके सकाळी हिने खुंटीवरची घोडीची घंटा काढली. मांजराच्या गळ्यात घंटा कोणी बांधायची यावर उंदरांचं निदान बोलणं तरी होतं. माझ्या गळ्यात ती बांधताना चर्चासुद्धा झाली नाही. ही म्हणाली, "जरा चालून दाखवा." मी चाललो. घंटा वाजली. गोठ्यात खुडबुड झाली, आणि दादा, सावकार, हवालदार आणि नवरी एकामागे एक अशी बाहेर येऊन माझ्यामागे उभी राहिली. मी थांबलो की थांबायची, वळलो की वळायची. सासरे खाटेवरून इतके हसले की त्यांच्या खुब्यासाठी पुन्हा डॉक्टरांना बोलवावं लागलं.

तेव्हापासून मी घोडी आहे. पहाटे उठून झऱ्यावर जातो, मागून पाणी येतं. मग वाटाणा घेऊन खाली, सामान घेऊन वर. ओझं दोन्ही बाजूंना सारखं लागतं हे मला माहीत नव्हतं. पहिल्या दिवशी मी सिलिंडर एकाच बाजूला बांधला तर हवालदार शाळेपुढे गोल गोल फिरत राहिला आणि मास्तरांनी मुलांना बाहेर काढून प्रदक्षिणा दाखवली. आता मला बांधता येतं. खोगिराखाली पाठ सोलली जाऊ नये म्हणून घोंगडीची घडी कशी घालायची, हेही येतं. घंटा काढून ठेवली तरी दिवसभर कानात वाजतच असते, ते एक आणि कंबर सोडली तर प्रकृतीही सुधारली आहे. हल्ली मी जाऊ लागलो की लोक दारात येऊन हसून बघतात. पूर्वी हसत नसत. मान वाढला म्हणायचं.

आता मुद्द्याचं. खेचरं चालतात हे ऐकून व्यापारी पुन्हा आला. मी त्याच्याबरोबर टपरीपर्यंत चालत गेलो, खेचरं मागोमाग. तिथे मी दोऱ्या त्याच्या हातात दिल्या, मागे न बघता घराकडे वळलो, आणि पहिल्या वळणावर तिन्ही खेचरं माझ्या पाठीशी हजर. त्यांच्या मागे दोऱ्या, आणि दोऱ्यांच्या मागे व्यापारी, निम्मा चालत आणि निम्मा घसरत. विकायची असतील तर घंटेसकट आणि गळ्यासकट द्या, असं तो म्हणाला. मी म्हटलं, गळा सुटा विकता येत असता तर दुकानं बुडाली तेव्हाच विकला असता.

त्यानंतर तुझे कोल्ड स्टोरेजवाले शेठ. त्यांनी तुला काय सांगितलं मला माहीत नाही, म्हणून माझ्या बाजूने सांगतो. त्या वाटेने जाताना ते मला भेटायला मुद्दाम टपरीवर थांबले, केवढी माणुसकी. मी खेचरं लांब झाडाला बांधली, घंटा पिशवीत घातली, शर्टावरची माती झटकली आणि चहा घ्यायला बसलो. बोलणं छान चाललं होतं. माझं अक्षर कसं आहे, हिशेब येतो का, वेळेवर याल का. तेवढ्यात पिशवी कलंडली आणि घंटा एकदाच, हळूच वाजली. शेठ म्हणत होते की आमच्याकडे शांतपणे काम करणारी माणसं लागतात, तोच त्यांच्या खांद्यावरून एक लांब तोंड पुढे आलं आणि बशीतली बिस्किटं उचलून गेलं. सावकार. मागे टपरीच्या दारात हवालदार आडवा, त्यामुळे बाहेर पडायची वाट बंद. शेठ म्हणाले, "ही तुमच्याबरोबर आहेत का?" मी म्हटलं, नाही. आणि दादा, तेवढ्यात नवरीने येऊन माझ्या मांडीवर डोकं ठेवलं.

तरी शेठ भला माणूस. महिनाअखेरपर्यंत जागा धरून ठेवतो म्हणाले. (फक्त येताना एकटे या, असं दोनदा सांगितलं.)

तू विचारशील, तुझ्या मनात काय आहे? खरं सांगू, आजवर माझ्यामागे चालत आलेला माणूस म्हणजे दुकानाचा घरमालक. आता चढावर मागे वळून पाहिलं की पाण्याचे हंडे, पिठाची पोती आणि ती तीन लांब तोंडं निमूट येताना दिसतात. बरं वाटतं. फार बरं वाटतं. झरा ते वस्ती एवढ्याशा वाटेत मला कितीदा वाटून जातं की आपण कोणाच्या तरी उपयोगाचे आहोत. पण मी भ्रमात नाही. ती माझ्यामागे येत नाहीत, घंटेमागे येतात. उद्या घंटा विजेच्या खांबाला बांधली आणि खांब चालू लागला, तर खांबामागे जातील. घंटा वाहायला माणूस कशाला हवा? आणि ज्याने दोन दुकानं बुडवली त्याच्या भरवशावर एका वस्तीने पाणी प्यावं, हे मलाच पटत नाही. पंख्याखाली बसून पावत्या फाडाव्यात, त्यात कोणी तहानेने मरत नाही. खेचरं गेली की हंडे परत बायकांच्या डोक्यावर जाणार, हे मला कळतं, आणि त्या विचाराने जेवण जात नाही. ही यावर काही बोलत नाही. ती बोलत नाही तेव्हा मी जास्त घाबरतो.

वहिनींना नमस्कार, धाकट्यांचे गालगुच्चे घे, मोठ्यांना माझ्या कंबरेबद्दल सांगू नकोस, औषधं सुचवतात.

तुझाच, पुढे चालणारा धाकटा

ता. क. : शेठना सांग की मी महिनाअखेर नक्की येतो. एकटा.

आणखी एक ता. क. : वरचं सगळं एवढ्यासाठी लिहिलं की एक काम आहे. तुमच्या गल्लीच्या तोंडाशी टांगा उभा असायचा, त्याची पांढरी घोडी. टांगेवाल्याने रिक्षा घेतल्यापासून ती बिचारी भिंतीकडे तोंड करून उभी असते, असं वहिनींनी मागे कळवलं होतं. ती तेवढी मिळवून ट्रकने टपरीपर्यंत पाठव. घंटा तिच्या गळ्यात घालतो, खेचरं तिच्यामागे लागली की व्यापारी चौघांनाही नेईल आणि मी मोकळा होईन. गरीब घोडी आहे ना? लाथा मारणारी नको, इथे ती जागा भरलेली आहे.

भाऊजींना नमस्कार. पत्र पेटीत टाकायला यांनी माझ्याकडे दिलं आहे, म्हणून खाली चार ओळी माझ्या. घोडी पाठवू नका. घोडी आली की खेचरं तिच्यामागे जातील आणि हे तुमच्यामागे येतील. आमच्या वस्तीतल्या जुन्या बायकांच्या टाळूवर हंड्याने केस गेलेली एक चकती असते. माझ्याही आहे, मी भांग वळवून झाकते. आता ज्या मुली मोठ्या होतायत त्यांच्या डोक्यावर ती नाही, कारण बाबांनी खेचरं आणली. एवढं सगळं यांना मी तोंडाने सांगितलं तर ते माझ्या भिडेखातर राहतील, आणि मला तसं नको आहे. हे सकाळी संडासला जातात तेव्हा घंटा खुंटीवर असते, आणि तरी तिन्ही खेचरं बाहेर वाट बघत उभी असतात. ते पाहिलं आणि मी घंटेतला लोलक काढून माझ्या डब्यात ठेवला. शेठ टपरीवर येऊन गेले त्यानंतरची ही गोष्ट, याला बरेच दिवस झाले. यांनी घंटेच्या आवाजाला कंटाळून कानात कापूस घातलेला असतो, त्यामुळे यांना पत्ता नाही. बाबांना, टपरीवाल्याला, साऱ्या वस्तीला माहीत आहे, कोणी बोललेलं नाही. खेचरांना तर माहीत आहेच, ती तशीच यांच्यामागे चालतात. लोलकाचं तेवढं यांना मी आज संध्याकाळी सांगणार आहे. शेठना म्हणावं, दुसरा माणूस बघा. तुम्ही आणि जाऊबाई मात्र एकदा या. टपरीपाशी उतरलात की तिथेच थांबा, हे सामान घ्यायला येतील. घंटा वाजेल म्हणून कान देऊन बसू नका, वर वाटेकडे बघत राहा.