बदामाचा केक आणि तुझी मूठ

ती. ताईस,

धाकट्याचा नमस्कार. तुझा गुडघा कसा आहे? (डावा. उजव्याची चौकशी मागच्या पत्रात झाली.) भावोजींना नमस्कार सांग आणि त्यांच्या खोकल्याची मी आठवण काढली म्हणून सांग. इकडे सगळं ठीक, म्हणजे ओव्हन सोडून सगळं.

येत्या रविवारी व्याही जेवायला येताहेत. तुला आठवत असेल, लग्न ठरलं तेव्हा ते आपल्याकडे आले आणि सगळा वेळ नुसता चहा पीत बसले. डॉक्टरांनी त्यांना धान्य बंद केलंय. गहू, तांदूळ, मका, सगळंच. कण पोटात गेला तरी चार दिवस अंथरूण. आपल्याला हे ठाऊक नव्हतं, त्यांनी संकोचाने सांगितलं नाही, आणि आपण आग्रहाची शर्थ केली. सूनबाई याबद्दल कधी चकार शब्द बोलली नाही, पण वडील येणार म्हटल्यापासून ती स्वयंपाकघरातले डबे उघडून बघत फिरते आहे. तेव्हा मी जाहीर केलं की गोड मी करणार: तिच्या माहेरचा बदामाच्या पिठाचा केक, संत्र्याची साल किसून घातलेला, आणि त्यात आपल्या आईचं ओलं खोबरं, गूळ, वेलदोडा. दोन घरं एका भांड्यात. (ही म्हणाली, "मग भांडं तरी मोठं घ्या.")

चौतीस वर्षं मी दुकानादुकानांतून लोकांचे तराजू तपासले, तेव्हा वजनात आपला हात कोण धरणार, अशा समजात मी होतो. पण विहीणबाईंची कृती कपांत आणि तुझी मुठींत. फोनवर तू म्हणालीस, पाच मुठी खोबरं. मी माझ्या पाच मुठी घेतल्या, त्या भरल्या तीनशे पंधरा ग्रॅम. (माझ्या पंजाला तू लहानपणी फावडं म्हणायचीस, ते तेव्हा आठवलं नाही.) केक वर आला, जरा थबकला आणि आमच्या कचेरीतल्या जुन्या खुर्चीसारखा मधोमध खचला. दुसऱ्या खेपेला खोबरं निम्मं केलं, परतून कोरडं केलं, अंड्यांचं पांढरं वेगळं फेटलं, आणि तराजू आधी तपासून मग बदामाचं पीठ मोजलं. केक असा फुगला की हीसुद्धा चष्मा लावून बघायला आली. भांड्यातून सुटलाही अलगद.

सूनबाईने तो उलटा करून पाहिला. "बाबा, हे खाली पांढरं काय?"

मैदा. ताई, मी दहा वर्षांचा असताना तूच शिकवलंस: भांड्याला आधी तूप, मग चिमूटभर मैदा, मग उलटं करून थापटायचं. हात आपोआप गेला. अख्ख्या केकात मी न मोजलेली तेवढीच एक वस्तू होती. सूनबाई रागावली नाही. "पप्पांचं सगळीकडे असंच होतं," म्हणाली, "म्हणून ते चहाच मागतात." ती रागावली असती तर बरं झालं असतं.

त्याच दिवशी घरातलं सगळं पीठ शेजारी गेलं, ओव्हन घासला, भांडं नवं आणलं. रविवारी आमच्या टेबलावर कोणीच धान्य खाणार नाही. तू काळजी करू नकोस, आता सगळं माझ्या हातात आहे.

तुझा,
धाकटा

ता. क. मैद्यावाचून तिसरा केक काल दोन तुकड्यांत निघाला. एक घर ताटात, दुसरं भांड्यात. (मैद्याचा केक फेकून दिला असं सूनबाईला सांगितलंय. मी आणि हिने तो संपवला. उत्तम होता.)

ता. क. २. व्याह्यांना मी फोनवर सांगून बसलोय की गोड माझी ताई करते आहे आणि तिला यातलं सगळं कळतं. त्यांनी ते दोनदा विचारून घेतलं. मग म्हणाले, "असं असेल तर मी भूक ठेवून येतो." तेव्हा शनिवारी सकाळच्या गाडीने निघ. गुडघ्याला सांग, दोनच जिने आहेत. भांड्याला काय लावायचं ते वाटेत आठव. काही आणू नकोस, पीठ तर नकोच. फक्त मूठ घेऊन ये.