मेल्यानंतरचं हसू

सोमवार, रात्र

सकाळी सिद्धेश्वराचं दर्शन घेतलं आणि शूटिंगला जाऊन मेलो. तिरडीवरचा शॉट संपला की कॅमेऱ्याकडे बघून हसायचं असतं, म्हणजे अपशकुन टळतो. आज हसूच येईना. दिग्दर्शक ओरडला, "काका, हसा की! खरंच गेलात का काय?" सगळे हसले. मी नाही.

मोबाइलवर इंग्लंडचे जुने कृष्णधवल चित्रपट बघतो, त्यातला एक नट. जन्मभर शिपाई, नोकर, नाहीतर सुरुवातीलाच मरणारा. आज त्याचं नावही कुणाला ठाऊक नाही. त्याच्याकडे बघून इतकी वर्षं धीर धरला. तो धीर होता की नुसता हट्ट? त्यालाही मेल्यावर हसायला लावत असतील का?

घरी बायकोला सांगितलं. सुनंदा म्हणाली, "लई झालं मरणं. आता आमच्यात जगा की." तिच्या भावाच्या टॉवेलच्या दुकानात माणूस हवाय, हे ती कधीपासून सांगतेय. देवा, पन्नाशीला आलो, मला दुसरं काहीच येत नाही.

पुढच्या मालिकेतही प्रेतच व्हायचं होतं. दिवेलागणीला फोन करून नाही म्हणालो, आणि दुकानाची किल्ली घेऊन आलो.