आंघोळ घालणाऱ्या बायकांचे जबाब

आई, ताईच्या केसचं शेवटी काय झालं ते तुला सांगायचं राहिलंय. तू असतीस तर एव्हाना दहा वेळा विचारलं असतंस आणि मी दहा वेळा तुझ्यावर खेकसले असते.

ताई सासरच्या विहिरीत सापडली तो दिवस मी मुद्दाम आठवत नाही, तो आपणहून येतो. खोडदहून आपण दोघी जीपने निघालो. तू मांडीवर हिरवं लुगडं घेऊन बसलेली, अहेव गेलेल्या लेकीला माहेरचं लुगडं नेसवायचं म्हणून. सरकारी दवाखान्याच्या ओट्यावर आपल्याला बसवलं. आत ताईची चिरफाड चाललेली, बाहेर जमादार कागदांवर वाकलेला. "मावशी, कुनावर संशय नाय एवढं लिहून द्या, म्हंजी बॉडी लगेच ताब्यात मिळंल. नायतर उद्यावर जाईल." आपल्याकडे असंच लिहून देतात. माणसं आधी संशय नाही म्हणतात, मयत ताब्यात घेतात, दिवस मावळायच्या आत अग्नी देतात आणि मग घरी येऊन रडता रडता संशय घेतात. तूही म्हणालीस, "न्हाई सायेब, आमचा कुनावर संशय न्हाई. माझी पोरगी तेवढी द्या." आणि सही केलीस.

सासरच्या दारात तिला आंघोळ घालायला तू बसलीस. मी तांब्याने पाणी ओतत होते, तिच्या जावा बादल्या आणून देत होत्या. एक म्हातारी म्हणाली, "अहेव गेली बया, सोनं झालं तिचं." तू मान वर केली नाहीस. ताईच्या दोन्ही दंडांवर बोटं उमटली होती, काळीनिळी, हे तू मला परतताना जीपमध्ये सांगितलंस. मी ओरडलेच, "मग तिथंच का नाय बोललीस?" तू खिडकीबाहेर बघत म्हणालीस, "बोलले असते तर तिला परत फाडली असती गं."

पोलिसांनी पाणी शेंदताना पाय घसरला असा अहवाल देऊन केस मिटवली. तू वकील गाठलास, दंडांवरच्या खुणा सांगून अर्ज केलास. तारखेच्या दिवशी पहिल्या एसटीने जायचीस, व्हरांड्यात भाकरी सोडायचीस आणि पुढची तारीख घेऊन परत यायचीस. गावातले म्हणायचे, शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये. तू म्हणायचीस, "मी कुटं शहाणी हाय?" एका तारखेला मीही सोबत आले होते, ते जज मला अजून दिसतात. चष्मा कपाळावर सरकवून ते तपास अधिकाऱ्याला विचारतात, "या बाईंचा जबाब घेतला तेव्हा त्यांनी मयताला पाहिलं होतं का?" साहेब म्हणतात, बॉडी आत होती. "मग संशय नाही हे त्यांना कसं कळलं? आंघोळ कुणी घातली? त्या बायकांचे जबाब कुठे आहेत?" पंच म्हणून पुरुषच घेतलेले, बायकांना कोण विचारणार! जजनी तो अहवाल परत पाठवला, आंघोळ घालणाऱ्या बायकांचे जबाब घ्या म्हणून हुकूम दिला. त्या दिवशी तू स्टँडवर मला उसाचा रस पाजलास. इतक्या वर्षांत तुला हसताना मी तेव्हाच पाहिलं.

पण हुकूम निघाला आणि तपास करणाऱ्या साहेबांची बदली झाली. नवे साहेब यायला इतका उशीर झाला की तोवर तू तापाचं निमित्त होऊन गेलीस. ते घरी आले, चांगले वागले, चहासुद्धा घेतला. म्हणाले, "ताई, तुमच्या आईंचा जबाब संशय नाही म्हणतो आणि अर्ज खुणा होत्या म्हणतो. आई तर आता नाहीत, आणि डॉक्टरांच्या कागदात खुणांचा उल्लेख नाही. जावा म्हणतात आम्ही नुसतं पाणी दिलं. मला डोळ्यांनी पाहिलेलं माणूस पाहिजे. तुम्ही पाहिलं का?"

मी तुझ्यापासून हातभरावर होते, आई. पण चोळी काढताना तू म्हणाली होतीस, "तू तिकडं बघ बाय, तुला सपनात दिसंल." एरवी तुझं कधी न ऐकणारी मी, तेवढं एकदा ऐकलं. साहेबांसमोर "पाहिलं" म्हणायला जीभ नुसती वळवळत होती. पण कुठल्या दंडावर, किती वर, असं विचारलं असतं तर काय सांगणार होते? नाही पाहिलं, म्हणाले. त्यांनी तेवढंच लिहून घेतलं, मला वाचून दाखवलं. पुढे कोर्टात पाय घसरल्याचाच अहवाल मंजूर झाला. वकील म्हणाले, आता यात काही राहिलं नाही.

आता हे पत्र टाकायला पेटी नाही, आणि असती तरी टाकलं नसतं. मला ताईच्या सासरच्यांचा राग येतो, त्या जमादाराचा येतो. पण सगळ्यात जास्त तुझा येतो, आई. स्वप्नात ती मला तशीही दिसतेच. तू मला बघू द्यायला हवं होतंस.