फडक्यातली भाकर

सूनबाई विजयमाला,

मी रेशनच्या रांगेला चाललेय. आज मिलो, ती परदेशातली लाल ज्वारी, येणार हाय म्हणतात. मला उशीर झाला तर सांजच्या भाकरी तूच थाप.

शेजारच्या नरसव्वानं विणलेलं रेशमी फडकं शिंक्यात हाय. त्यात एका भाकरीचं पीठ सैल बांध आणि आधणाच्या वाफेवर धर. मिलोचं लाल पीठ पांढरं झालं आणि शाळूचा वास सुटला की लगेच काढ. दर खेपेला त्याचा एक धागा विरतो, म्हणून एकही खेप वाया घालवू नको.

आता नीट वाच. काल मला फडक्याचा विसर पडला आणि तुझ्या मामंजींना नुसत्या मिलोची भाकर वाढली गेली. त्यांनी ती शेंगाच्या चटणीबरोबर सगळी खाल्ली आणि म्हणाले, "आपल्या रानातला शाळू हाय की." मी म्हटलं, डोळं गेलं काय तुमचं? तर म्हणाले, "डोळं हाईत म्हणून तर दिसतंय. आमच्या ताटात पांढरी भाकर आणि पोरीच्या ताटात रोज लाल."

तू चुलीकडं तोंड करून जेवतीस, माझ्या ध्यानातच आलं न्हाय. तुला दिवस गेलेत. मागच्या खेपेसारखं आता व्हायला नको.

तवा आजपासनं फडक्यातली भाकर तुझी. मला, मामंजींना आणि तुझ्या नवऱ्याला, आमा तिघांना मिलोची कर, आमी खातो. आल्यावर माझ्या ताटात पांढरी भाकर दिसली, तर समोर बसवून ती तुलाच भरवीन.

— आत्याबाई