दोन कानांत दोन सा

१२ जाने.
सकाळी मॅन्डोलिन सुरात लावायला बसलो आणि जोडतारा एकमेकींशी जुळेनात. तारांवरच चिडलो, नव्या घातल्या. तरी तेच. उजव्या कानाला जो सा, तो डाव्याला जवळजवळ नी. तेवढ्यात बायकोचा, सुमाचा, कुकर वाजला. शिट्टीही दोन सुरांत! म्हणजे तारा नव्हे, कान.

१४ जाने.
ठाण्याला कानाच्या डॉक्टरांकडे. बंद खोलीत बसवून टूं-टूं ऐकवलं. डाव्या कानाची नस. गोळ्या. "काहींचं परत येतं, काहींचं नाही. काम काय करता?" म्हटलं, स्टुडिओत वाजवतो. त्यांनी पेन खाली ठेवलं. ते पेन ठेवणं मला अजिबात आवडलं नाही.
सुमाला सांगितलं, मळ होता, काढला.

१९ जाने.
कळव्याला. जगन पाटलाचा हळदीच्या गाण्यांचा स्टुडिओ, बंगल्याच्या वरच्या मजल्यावर. बेंजो, म्हणजे बुलबुलतरंग. बटणं दाबायची, सूर आपोआप. सूर दाखवणारं मशीन लावून ट्यून केलं. जगन हसला, "मास्तर, मशीन कनाला? तुमचा कान हाय ना!" मीही हसलो. मशीन खिशात टाकलं.
गाणं झकास झालं. मेल्याने मटण खाऊ घालूनच सोडलं.

२४ जाने.
केदारचा फोन. संगीत संयोजक, माझ्या मुलीच्या वयाचा. सिरियलचं पार्श्वसंगीत. "काका, नायिकेचे वडील जातात, तिथे फक्त सरोद हवाय." नाही म्हणायला तोंड उघडलं आणि "येतो" बाहेर पडलं. आयुष्यभर हेच. मॅन्डोलिन? येतो. बँजो? येतो. रबाब तर हातात न घेताच 'येतो' म्हणालेलो, मग रात्रंदिवस बसून शिकलो. एकदा नाही म्हटलं की पुढचा फोन दुसऱ्याला जातो.
पण सरोदला पडदे नाहीत. बोट कुठे टेकवायचं ते कानच सांगतो.

२७ जाने.
डाव्या कानात कापूस घालून रियाज. सुमा : "अहो, सर्दी झालीय का?" हो म्हटलं. कापसाने काही भागत नाही. तो कान आतूनच गातो.
झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणतात. मुठीत काही नाही हे मला एकट्यालाच ठाऊक. भीती वाटते. बाथरूममध्ये नळ सोडून रडलो.

३० जाने.
ठाणे, रेकॉर्डिंग. घसरलो. कोमल गांधारावर बोट कुठे पडलं देव जाणे. सगळे टेक बेसूर. हात जोडून सांगणारच होतो, केदारा, कान गेला रे माझा. तोवर काचेपलीकडून अंगठा वर. "काका, क्या बात! थोडं हलतंय ते मी कॉम्प्युटरवर बसवून घेतो. फील आलाय ना, बस."
बसवून घेतो!
पूर्वी तंबोरा जरा उतरला की सगळे माझ्याकडे बघायचे. आज मी पकडलोच गेलो नाही. सुटलो म्हणून आनंद व्हायला हवा होता.

४ फेब्रु.
केदारने ट्रॅक पाठवला. उजव्या कानाने ऐकला. सूर चोख. एका सुरावरून दुसऱ्यावर सरकणारी मींडही इस्त्री केल्यासारखी.
सुमाने पोळ्या लाटता लाटता विचारलं, "कोण वाजवतंय?"
"मी."
"छान आहे. पण तुमच्यासारखं नाही वाटत."
तिला सा-रे कळत नाही. लग्न झाल्यापासून शेजारच्या खोलीतून मला ऐकतेय एवढंच. मग सगळं सांगून टाकलं. ऐकता ऐकता तिने लाटणं बाजूला ठेवलं. पोळी करपली. म्हणाली, "केदारला सांगा. मग बघू आपण."
तिचं सोपं आहे. मी सांगितलं की माझं काम संपलं. नाही सांगितलं तर चालत राहील, फक्त वाजवणारा मी नसेन.

७ फेब्रु.
सांगायचं ठरवलंय. खरंच.
आत्ता फोन आला. सवयीने डाव्या कानाला लावला. केदारचा आवाज कुणा परक्या माणसाचा वाटला, खालच्या सुरातला. "काका, सोमवारी परत सरोद. त्या दिवशीसारखाच. येताय ना?" फोन उजव्या कानाला घेतला. पुन्हा केदार.
'येतो' जिभेवर आलेलं. कसंबसं गिळलं. म्हटलं, पाच मिनिटांत करतो.
ती पाच मिनिटं हे लिहिण्यात चालली आहेत. सुमाने फोन आणून वहीशेजारी ठेवलाय आणि गॅस बंद करून समोर येऊन बसलीय.