एकटेपणा: एक ते पाच

५ जानेवारी, रविवार
पीएच.डी.चा विषय मंजूर. 'एकट्या राहणाऱ्या ज्येष्ठांचा आयुष्याकडे पाहण्याचा दृष्टिकोन.' पाच बिंदूंची मोजपट्टी: एक म्हणजे अजिबात सहमत नाही, पाच म्हणजे पूर्ण सहमत. गाईड मॅडम म्हणाल्या, विषय घरचाच दिसतो. छे! पूर्ण ऑब्जेक्टिव्ह आहे. आई गावी, गडबला एकटी राहते हा योगायोग.
संकल्प: रोज पहाटे उठून लिखाण.

९ जानेवारी, गुरुवार
थंडीमुळे पहाट पुढे ढकलली. इथल्या, रोह्यातल्याच दोन आजोबांवर पायलट, म्हणजे आधीची चाचणी, घेतला. दोघांनी सगळीकडे 'तीन' दिले. तटस्थ. एक म्हणाले, मधलं बरं, कुणी नाराज होत नाही.
मृणालीचं मत, आधी आईंना विचारा. बायकोला रिसर्च कोण समजावणार? नातेवाईक घेतले की सॅम्पल बिघडतं.

१४ जानेवारी, संक्रांत
आईला तिळगूळ द्यायला जाणार होतो. मोजपट्टीतली दोन वाक्यं अडली. मृणाली एकटीच जाऊन आली. म्हणाली, आई थकल्यात. म्हटलं, थकवा माझ्या मोजपट्टीत नाही. दिवसभर बोलली नाही. तिलाही थकवा असेल.

१९ जानेवारी, रविवार
फील्डवर्क! गडब. आईच्या शेजारचे गुणाजी नाना. जन्म मिठागरात गेला, आता घरात एकटेच. 'मी एकटा सुखी आहे': पूर्ण सहमत. 'मला एकटं वाटतं': पूर्ण सहमत. म्हटलं, नाना, दोन्ही कसं?
"तू रोह्यावरना आलास. तुला नाय कसा म्हनू?"
ही होकार देण्याची प्रवृत्ती. थीसिसमध्ये स्वतंत्र परिच्छेद होईल.
निघताना नाना म्हणाले, आयशीला भेटलास? म्हटलं, पुढच्या खेपेला. आईचं दार उघडं होतं. पण गेलो असतो तर जेवायला थांबावं लागलं असतं, आणि संशोधकाचं मन गढूळ होतं. पलीकडच्या बाजूने स्टॉपवर आलो.

२० जानेवारी, सोमवार
आईचा फोन.
"काल आलतास म्हनं."
म्हटलं, काम होतं.
"व्हय. नाना सांगत व्हता, लय प्रश्न इचारलंस." मग, "मला पन इचार की रं, दिना."
नीट समजावलं. आई, तुला घेता येत नाही, कारण तू माझी आई आहेस.
"बरा" म्हणाली आणि फोन ठेवला.
पटलं तिला. मेथडॉलॉजी सोप्या भाषेत सांगायची हातोटी आहे माझ्याकडे.

९ फेब्रुवारी, रविवार
मॅडमनी सगळा डेटा बाद केला. निम्मे 'तीन', निम्मे 'पाच'. म्हणाल्या, माणसांपाशी आधी बसा, मग विचारा. त्यांना रविवारी चिडचिड होते.
पण मुद्दा घेण्यासारखा आहे. संकल्प: पुढच्या रविवारी आईकडे. काही मोजायचं नाही, नुसतं बसायचं. बोलता बोलता काही हाती लागलं तर गोष्ट वेगळी.

१६ फेब्रुवारी, रविवार
आईच्या घराला कुलूप. नाना म्हणाले, तिला तिची पोरगी कोलाडला घेऊन गेली, भांड्याकुंड्यासकट. "तुला ठाव नाय?" म्हटलं, ठाऊक आहे.
तसाच कोलाडला गेलो. धाकट्या बहिणीने, सुरभीने दार उघडलं, आत ये म्हणाली, एवढंच. आई ओसरीवर वाल सोलत बसली होती. शेजारी बसलो. चार दाणे मीही सोलले. शेवटी विचारलं, "आई, गडबला तुला एकटं वाटायचं का गं?"
"आता कशाला इचारतस? आता मी एकटी कुठं हाय?"
म्हणजे आता ती निकषातही बसत नाही.
सुरभीने आतून विचारलं, दादा जेवणार का? मी तोंड उघडायच्या आत आई म्हणाली, "नाय गो. त्याला घाई असते."
मला कसलीच घाई नव्हती.
उठलो.