तंतोतंत विद्याधर

बोरिवली, ३ जुलै २०२५

चि. सौ. कल्पितास अनेक आशीर्वाद.

प्रथम तक्रार नोंदवतो. तू याचिकेचा मसुदा पाठवलास आणि त्याच पिशवीत सुका जवळा. डब्याचं झाकण सैल होतं. माझ्या प्रतिज्ञापत्राला आता मासळी बाजाराचा वास येतो. न्यायदेवतेच्या डोळ्यांवर पट्टी असते, नाकावर नसते, हे वकीलबाईंनी ध्यानात ठेवावं.

दुसरी तक्रार गंभीर आहे. परिच्छेद सातमध्ये मी 'विद्याधर यांच्याशी सर्वार्थाने समान' आहे, असं तू लिहिलंस. हा तोच संस्कृत शिक्षक ना, ज्याने पाठांतर स्पर्धेत आपल्या मुलांना चुकीचा श्लोक शिकवूनही आमच्या शाळेची ढाल नेली? मान्य, गेल्या वर्षी त्यालाही अतिरिक्त ठरवून दूर धाडत होते आणि हायकोर्टाने ती बदली रद्द केली. त्याच्या शाळेने अर्धं संस्कृत, अर्धं हिंदी घेणारी मुलं मोजलीच नव्हती. माझ्याही शाळेने नाहीत, म्हणून संस्कृतचा मीही अतिरिक्त. पण साम्य तिथेच संपतं. म्हणून त्याखाली मी स्वहस्ते चौदा ओळी जोडल्या आहेत: माझं प्रकरण त्याच्याहून कसं भिन्न आणि काकणभर सरस आहे.

बाकी तुला ठाऊकच आहे. बदली कांजूरमार्गला झाली, तर दुपारच्या सुट्टीत घरी येऊन आईला भरवणं बंद होईल. ती दुसऱ्या कुणाच्या हातून घास घेत नाही. तेवढं सांभाळ.

जवळा उत्तम होता. लोभ घट्ट असू दे, झाकणही.

तुझा दादा,
रामनाथ

मुलुंड, ७ जुलै

ती. दादास कल्पिताचा शि. सा. नमस्कार.

चौदा ओळी वाचल्या. पार वाट लावलीस. अरे, सरकारी वकील नेमकं हेच शोधत बसणार, की हे प्रकरण वेगळं, सबब तो जुना निकाल इथे लागू नाही. आणि तू ते सही करून त्याच्या हातात देतोयस. कोर्टासमोर अशा याचिकांचा ढीग असतो. न्यायमूर्ती आधी विचारतात, यावर पूर्वी निकाल झालाय का? झाला असेल आणि गोष्ट सारखी असेल, तर त्याच धर्तीवर हुकूम. वेगळेपण दाखवलंस, की सगळं पहिल्यापासून, आणि तोवर तू कांजूरमार्गला. तू वेगळा आहेस हे आम्ही घरचे पन्नास वर्षं सोसतोय, कोर्टाला कळवायची गरज नाही.

ओळी काढल्या. नवा मसुदा सोबत आहे. जोडपत्रं तीच ठेवली, वासासकट. १७ तारखेला ये आणि तोंड उघडू नकोस. विद्याधर सर स्वतः निकालाची प्रत घेऊन येणार आहेत. त्यांना नमस्कार कर, श्लोकाचा विषय काढू नकोस. त्या दिवशी आईचं दुपारचं प्रेमावहिनीला ऑफिसातून रजा घेऊन बघायला सांग. उपाशी राहिली तर एक दिवस राहील.

माया आहेच, सही कर.

तुझी,
कल्पिता

बोरिवली, १८ जुलै

चि. सौ. कल्पितास आशीर्वाद.

काल तू लगेच दुसऱ्या प्रकरणाला पळालीस, म्हणून मागचं कळवतो. सारा खटला सात मिनिटांचा. न्यायमूर्तींनी विचारलं, हे विद्याधर प्रकरणासारखंच ना. तू हो म्हणालीस. सरकारी वकिलांनी जोडपत्रं उघडली, चेहरा वाकडा करून मिटली आणि तेही हो म्हणाले. सत्तावीस वर्षं शिकवून मी कायद्याने विद्याधर ठरलो. बाहेर त्याने मला चहा पाजला आणि तोच श्लोक म्हणून दाखवला, तसाच चुकीचा. मी दुरुस्त केला नाही. आता ती चूक माझीही आहे.

घरी पोचायला चार वाजले. आई उपाशी असेल म्हणून धावतच जिना चढलो. प्रेमा म्हणाली, त्यांनी माझ्या हातून सगळा भात खाल्ला, कुरकुर नाही, तुमची चौकशीही नाही. मला बरं वाटावं म्हणून सांगत होती बिचारी.

आज सुट्टीत नेहमीसारखा आलो. ताट घेऊन बसलो तर आईने तोंड फिरवलं आणि मला विचारलं, "ती बाई कुठे गेली?"

एकच दिवस चुकला गं, आणि तिने तोच धरून ठेवला. बदली रद्द झाली, मी रोज साडेबाराला घरी असेन. पण कुणासाठी, ते आज मला नीट सांगता येत नाही.

रविवारी ये. जवळा आण, झाकण सैल असलं तरी चालेल. त्या वासाने कदाचित आपण तिला आठवू.

मला भीती वाटते, आई मला विसरते आहे.

तुझा,
दादा